ओकासानचं घर सोडताना

पत्र : ‘मी क्योतोच्या गिओन कोबू या गेईशांच्या पेठेत गेईको, म्हणजे नाच-गाणं करणारी गेईशा आहे. पंधराव्या वर्षी इथल्या ओकियात, म्हणजे गेईकोंना घडवणाऱ्या, सांभाळणाऱ्या घरात आले. येत्या वसंतात करार संपतोय. मला वेगळं राहायचंय, पण ओकासान (घराच्या मालकीणबाई, आमच्या ‘आई’) दुखावतील. एक जुने गिऱ्हाईक मला घर घेऊन द्यायला तयार आहेत. काय करू?’

प्रिय मुली,

त्या गृहस्थांचं घर घेऊ नकोस. ओकियातून निघून त्यांच्या मर्जीवर राहायचं असेल, तर निघण्यात काय अर्थ? खोली लहान असू दे, भाडेकरार तुझ्या नावाचा हवा.

नेन्की, म्हणजे ओकियाच्या कराराची मुदत, पूर्ण करून ‘जिमाए’ (स्वतंत्र गेईको) होणं ही तुमच्या पेठेची जुनी, मानाची रीत आहे. ओकासानना ते ठाऊक आहे. फक्त बातमी आधी तुझ्या तोंडून कळू दे. एखाद्या ओचायातून (जिथे गिऱ्हाइकांच्या बैठका होतात त्या चहागृहातून) त्यांच्या कानावर गेली तर मन दुखेल, आणि तुला बोलावणी त्याच ओचायांतून येणार आहेत.

खरी अडचण किमोनोंची. आजवर अंगावर चढले ते बहुतेक ओकियाचे. ऑक्टोबर ते मे अस्तराचा, जूनला आणि सप्टेंबरला बिनअस्तराचा, जुलै-ऑगस्टला विरळ विणीचा ‘रो’. शिवाय काळा, कुलचिन्हांचा. तोही दोन प्रकारचा, कारण नव्या वर्षाच्या समारंभाला चालणारा १ ऑगस्टच्या हास्साकूला, म्हणजे गुरू आणि ओचायांना भेटून आभार मानण्याच्या दिवशी, चालत नाही. ओबी (कमरेचा रुंद पट्टा), केसांचा टोप आणि टोपाची पुन्हापुन्हा करावी लागणारी बांधणी वेगळी. कोणते कपडे ओकासान विकतील, कोणते वापरायला देतील, हे दोघींनी बसून लिहून काढा.

पैसा उशिरा हातात येतो, कारण ओचाया गिऱ्हाइकाला बिल मागाहून पाठवतं. फेब्रुवारी आणि ऑगस्ट मंदीचे. करारात पगार नव्हता, म्हणजे साठवलेली गोशूगी, गिऱ्हाइकांनी दिलेली बक्षिसी, हीच तुझी पुंजी. सहा महिन्यांचा खर्च तिच्यात बसत नसेल, तर निघणं थोडं लांबव. त्यात कमीपणा नाही.

घरमालक उत्पन्नाचा पुरावा मागेल आणि पहिल्या वर्षी तो तुझ्याकडे नसेल. जामीन देणाऱ्या कंपनीमार्फत घर शोध. पत्ता बदलल्यावर १४ दिवसांत वॉर्ड कार्यालयात नोंद कर. निळ्या विवरणपत्राचा (नीट हिशेब ठेवणाऱ्या स्वतंत्र व्यावसायिकाला करसवलत देणाऱ्या प्रकाराचा) अर्ज काम सुरू केल्यापासून दोन महिन्यांत द्यायचा. दरवर्षीचं आयकर विवरणपत्र १६ फेब्रुवारी ते १५ मार्चमध्ये, म्हणून टोपवाल्याची, ओबी बांधणाऱ्याची प्रत्येक पावती जपून ठेव.

खर्च आवळताना यासाका न्योकोबा या तुमच्या पेठेच्या कलाशाळेतला शामिसेनचा (तीन तारांच्या वाद्याचा) तास मात्र सोडू नकोस. नाचाला गुडघे लागतात, पण वादन करणाऱ्या जिकाता सत्तरीतही बैठकीला बसतात.