लिस्ट्रोसॉरस आपला पूर्वज की भावकीतला?

कोल्हापूरच्या एका विज्ञानशिक्षिका बाईंनी प्रश्न पाठवलाय. शाळेच्या प्रदर्शनासाठी मुलांनी लिस्ट्रोसॉरसचा तक्ता केलाय आणि त्यावर लिहिलंय : 'ट्रायासिक काळातील तृणभक्षी सस्तनसदृश सरीसृप, सस्तन प्राण्यांचा पूर्वज.' बाई विचारतात, 'सस्तनसदृश सरीसृप' हा शब्द अजून चालतो का? आणि 'पूर्वज' म्हणावं का?

बाई, दोन्ही बदला. जमलं तर 'तृणभक्षी'सुद्धा बदला.

'सस्तनसदृश सरीसृप' जुन्या पुस्तकांत सगळीकडे भेटतो. मराठी म्हणून शब्दाच्या घडणीत काही खोट नाही. पण तो बनला तेव्हाची समजूत आता टिकलेली नाही. तेव्हा वाटायचं की आधी सरपटणारे प्राणी झाले आणि त्यांच्यातले काही हळूहळू सस्तन झाले. खरं म्हणजे 30 कोटी वर्षांहून आधीच दोन घराणी वेगळी झाली होती. एकातून पाली-सरडे, कासवं, मगरी, डायनोसॉर आणि पक्षी आले. दुसऱ्यातून लिस्ट्रोसॉरस आला, तुम्ही-आम्हीही आलो. या दुसऱ्या घराण्याची खूण कवटीत असते : डोळ्याच्या खोबणीमागे दोन्ही बाजूंना एकेकच भोक. मगरीला तिथे दोन-दोन असतात. मुलांना सांगा, कानशिलावर बोटं ठेवा आणि दाढा घट्ट आवळा. बोटांखाली जो स्नायू फुगतो, तो त्याच जुन्या भोकाच्या जागेतून खाली जबड्याकडे जातो. लिस्ट्रोसॉरसच्या कवटीत ते भोक उघडं, स्पष्ट दिसतं. म्हणजे आपल्या बाजूचं कुणी सरीसृप नव्हतंच, आणि म्हणून तो शब्द सोडायचा.

मग नावात 'सॉरस' कसा? ग्रीकमध्ये त्याचा अर्थ सरडा. 1870 साली अमेरिकी जीवाश्मशास्त्रज्ञ एडवर्ड ड्रिंकर कोप यांनी हे नाव ठेवलं, पहिल्या भागाचा अर्थ फावडं. नावावरून कूळ ठरत नाही, हे कोल्हापूरकरांना वेगळं सांगायला नको. सह्याद्रीच्या रानातलं खवले मांजर मांजरांच्या कुळातलं नाही, तरी नाव तेच राहिलंय. तसंच लिस्ट्रोसॉरस हे नाव ठेवा, फक्त त्यावरून त्याला सरडा किंवा डायनोसॉर ठरवू नका.

आता 'पूर्वज'. मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो तो हा शब्द. पूर्वज म्हणजे ज्याच्यापासून आपली थेट ओळ खाली आली तो. लिस्ट्रोसॉरस डायसिनोडॉन्ट गटातला. सस्तन प्राणी आले ते सायनोडॉन्ट नावाच्या शेजारच्या शाखेतून. दोघांचा मूळपुरुष एक, घरं वेगळी. आपल्याकडे याला नेमका शब्द आहे : भावकी. 'नातेवाईक' म्हटलं की त्यात सोयरेही येतात, लग्नानं जोडलेले. भावकीत फक्त एका मुळातून फुटलेले. शास्त्राला इथे म्हणायचंय ते एवढंच, आणि हा शब्द तुमच्या वर्गातल्या प्रत्येक मुलाला घरून माहीत असतो. परिभाषा कोशात नसला म्हणून काय झालं? तक्त्यावर बिनधास्त वापरा. भावकीतली ही शाखा पुढे खुंटली; पण त्याआधी खूप पसरली. पर्मियन काळाच्या शेवटी, सुमारे 25 कोटी 20 लाख वर्षांपूर्वी, पृथ्वीवरचा सगळ्यात मोठा जीवसंहार झाला. त्यातून लिस्ट्रोसॉरस तगला, आणि त्याचे जीवाश्म दक्षिण आफ्रिका, अंटार्क्टिका, चीन आणि आपल्याकडे दामोदर खोऱ्यातल्या पंचेत खडकांत सापडलेत. पोहून समुद्र ओलांडणारा हा प्राणी नव्हे. हे भूखंड तेव्हा जोडलेले होते याचा तो ठोस पुरावा ठरला.

दातांबद्दल तुम्ही विचारलेलं नाही, पण चित्रात मुलांनी 'हस्तिदंतासारखे दात' असं लिहिलंय. तिथे सरळ 'सुळे' लिहा. हत्तीचे मोठे दात खरं तर वरचे पटाशीचे दात असतात. डायसिनोडॉन्टांचे मात्र खरेखुरे सुळे, आपल्या सुळ्यांच्याच जागचे. ब्रिटिश शास्त्रज्ञ रिचर्ड ओवेन यांनी 1845 मध्ये याच गटातल्या एका प्राण्याला डायसिनोडॉन हे नाव दिलं तेही कुत्र्यासारख्या दोन सुळ्यांवरून. लिस्ट्रोसॉरसला ते दोन सुळे सोडले तर बाकी दात नव्हतेच. पुढे कासवासारखी शिंगी चोच होती. खालचा जबडा पुढून मागे सरकवत तो पाला कातरायचा.

हा पालाच होता, गवत नव्हे. त्या जीवसंहारानंतरच्या ट्रायासिक काळात गवत उगवलेलंच नव्हतं. म्हणून 'तृणभक्षी' नको, 'वनस्पतिभक्षक' हवं. गवताचे जुने पुरावे आपल्याच राज्यात आहेत : चंद्रपूर जिल्ह्यात पिसदुऱ्याला डायनोसॉरच्या अश्मीभूत विष्ठेत गवताचे सूक्ष्म सिलिकाकण मिळाले. पण ते क्रिटेशसच्या, म्हणजे डायनोसॉरांच्या शेवटच्या काळाच्या, अखेरीचे, लिस्ट्रोसॉरसनंतर 18 कोटी वर्षांनी.

एक मुलगा विचारतो की पन्हाळ्याच्या खडकात असा जीवाश्म मिळेल का. नाही मिळणार. तो काळा दगड म्हणजे थिजलेला लाव्हा, वय साधारण साडेसहा कोटी वर्षं. त्याला प्राणहितेकडे बोट दाखवा. गडचिरोलीच्या सीमेवरून ही नदी वाहते, आणि पलीकडे तेलंगणातल्या येरापल्ली खडकांत वाडियासॉरस हा डायसिनोडॉन्ट सापडलाय. भूशास्त्रज्ञ दाराशॉ वाडिया यांचं नाव त्याला दिलंय.

तक्त्यावर असं लिहा : 'लिस्ट्रोसॉरस. सस्तन प्राण्यांच्या भावकीतला, चोच आणि दोन सुळे असलेला वनस्पतिभक्षक प्राणी. सुमारे 25 कोटी वर्षांपूर्वी.' अनेकवचनी लिहायची वेळ आली तर 'डायसिनोडॉन्ट' तसाच ठेवा आणि प्रत्यय लावताना 'डायसिनोडॉन्टांचा', 'डायसिनोडॉन्टांना' करा. 'डायसिनोडॉन्ट्सचा' कानाला खटकतं.