मुलाखतीत डावललं तर हायकोर्टात जाऊन उपयोग होतो का?

तुम्ही विचारलंय की अनुदानित कॉलेजात सहायक प्राध्यापकाची मुलाखत होऊन चार महिने झाले, तुमचा स्कोअर जास्त असून दुसऱ्यालाच घेतलं, तर आता कोर्टात जाऊन उपयोग आहे का आणि खर्च किती येतो.

नुसत्या स्कोअरवर गेलात तर हराल. यूजीसीच्या (विद्यापीठ अनुदान आयोगाच्या) 2018 च्या रेग्युलेशनमध्ये टेबल 3बी चा स्कोअर, म्हणजे पदव्या, पेपर, अनुभव यांचे मार्क, मुलाखतीला कुणाला बोलवायचं तेवढ्यापुरताच आहे, निवड फक्त मुलाखतीवर, आणि आपल्याकडे 8 मार्च 2019 च्या जीआरने तेच लागू केलं. या एका ओळीने संस्थाचालकांना रान मोकळं करून दिलंय असं माझं स्पष्ट मत आहे, पण नियम तोच आहे. शिवाय निवड समितीने कुणाला जास्त लायक ठरवलं यात कोर्ट पडत नाही, दलपत सोळुंके विरुद्ध महाजन हा सुप्रीम कोर्टाचा निकाल समोरचा वकील पहिल्या पाच मिनिटांत काढतो. मुद्दा दुसरा लागतो, म्हणजे समितीची रचना, जाहिरात, बिंदुनामावली (कुठली जागा कुठल्या आरक्षणाची ते ठरवणारा तक्ता), तज्ज्ञाचे लागेबांधे. आणि तो मुद्दा तुम्ही कधी उचललात हे सगळ्यात आधी बघतात.

मला हे 2019 ला कळलं. सरकारने रिकाम्या पदांपैकी 40 टक्के भरायला परवानगी दिली होती, सगळीकडे एकदम जाहिराती निघाल्या. माझा विषय राज्यशास्त्र, पीएचडी झालेली, सेट ही पात्रता परीक्षा झालेली, सीएचबीवर म्हणजे तासिका तत्त्वावर नऊ वर्षं, त्यातली सहा त्याच कॉलेजात. जागा एकच, ओपनची. आत गेले तर दोन विषयतज्ज्ञांपैकी एक तेच सर बसलेले ज्यांच्याकडे बाहेर माझ्या शेजारच्या खुर्चीवर बसलेल्या मुलाने पीएचडी केली होती. ऐकीव नाही, त्याच्या व्हायव्हाला, पीएचडीच्या तोंडी परीक्षेला, मी स्वतः हजर होते, पेढे खाल्ले होते. मला आठ मिनिटं दिली. मिस्टर काय करतात, कुठे राहता, मग 73 व्या घटनादुरुस्तीवर एक प्रश्न आणि मी ग्रामसभेपर्यंत पोचले नाही तोच ‘ठीक आहे, या’.

बाहेर येऊन मी लगेच माझ्या पीएचडीच्या गाईड सरांना फोन लावला, म्हटलं लेखी आक्षेप देऊ का. सर म्हणाले, मॅडम, आत्ता काही बोलू नका, निकाल लागायचाय अजून, उगाच डोळ्यावर याल, आपला विषय छोटा, उद्या हेच लोक दुसऱ्या कॉलेजात तज्ज्ञ म्हणून समोर येतील. मी गप्प बसले. तिसऱ्या दिवशी त्या मुलाचं नाव लागलं. माहिती अधिकारात मार्क मिळवायला पहिलं अपील धरून पाच महिने गेले, फरक तीन मार्कांचा होता.

याचिका टाकली तेव्हा सात महिने झाले होते. माझ्या वकिलांनी क्रैपक लावलं, सुप्रीम कोर्टाचा 1969 चा निकाल, ज्यात उमेदवारच निवड मंडळावर बसला होता. समोरून आलं डॉ. जी. सरना विरुद्ध लखनौ विद्यापीठ, 1976. त्यात मानववंशशास्त्राच्या प्रोफेसरपदासाठी सरना समितीपुढे गेले, निवड झाली नाही, मग समितीतले लोक आपल्या विरोधातले होते म्हणून कोर्टात आले. सुप्रीम कोर्टाने म्हटलं, माहीत असून समितीपुढे गेलात, नशीब आजमावलंत, आता ही तक्रार करता येणार नाही. न्यायाधीशांनी मला एवढंच विचारलं की त्या दिवशी काही लेखी दिलं होतं का. वकिलांनी माझ्याकडे बघितलं. माझ्याकडे काहीच नव्हतं.

सर आजही भेटले की म्हणतात, मी सांगत होतो कोर्टाच्या भानगडीत पडू नका. सर, ती केस कोर्टात बुडाली नाही, तुमच्या त्या फोनवर बुडाली. गप्प बसून मला पुढेही कुणी घेतलं नाही, मग कुणाच्या डोळ्यावर यायचं वाचवलं मी?

म्हणून तुम्ही आधी हे बघा की निकालाच्या आधीचा तुमचा एखादा ईमेल, अर्ज, काहीही तारखेसकट आहे का. असेल तर आजच वकिलाकडे जा, चार महिने म्हणजे उशीर झालेलाच आहे आणि ‘इतके दिवस काय करत होता’ हे विचारणारच. नसेल तर बेकायदेशीरपणा शोधा. कोरमला पाच जण आणि त्यात किमान दोन विषयतज्ज्ञ लागतात, ते होते का, ज्याला घेतलं त्याची पात्रता अर्जाच्या शेवटच्या तारखेला पूर्ण होती का. अशा ठिकाणी मीता सहाय विरुद्ध बिहार सरकार (सुप्रीम कोर्ट, डिसेंबर 2019) कामाला येतं, मुलाखत दिली म्हणजे बेकायदेशीर गोष्टही मान्य केली असं होत नाही. माहिती अधिकारात मार्क द्यायला नाही म्हणाले तर मुंबई हायकोर्टाचा नोव्हेंबर 2024 चा निकाल दाखवा. कॉलेज ट्रिब्युनलमध्ये जा असं कुणी सांगितलं तर ऐकू नका, 2016 च्या विद्यापीठ कायद्यातलं कलम 81 नोकरीत असलेल्यांसाठी आहे, बाहेरच्या उमेदवाराला हायकोर्टात रिट याचिकाच. निवड झालेल्याला प्रतिवादी करायला विसरू नका. आणि जिंकलात तरी बहुतेक फेरमुलाखतच मिळते, ऑर्डर हातात पडत नाही.

हां, तुमच्या जाहिरातीतच स्कोअरला वेटेज ठेवलं असेल तर मी वर लिहिलेलं बदलतं. मध्येच नियम बदलता येत नाहीत, तेजप्रकाश पाठक, सुप्रीम कोर्ट, नोव्हेंबर 2024, पाच न्यायाधीशांचं घटनापीठ. खर्च वकिलागणिक वेगळा, मी तीन हप्त्यांत दिला होता. सांगली-कोल्हापूरकडचे असाल तर ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच आहे, मुंबईच्या खेपा तरी वाचतील.

गेल्या महिन्यात मी परत एक मुलाखत दिली. समितीत एका उमेदवाराचे गाईड आहेत हे सकाळीच कळलं. आत जायच्या आधी ऑफिसात अर्ज दिला, क्लार्क घेईना, म्हणाला आज नको मॅडम, मुलाखती होऊ द्या. मी तिथेच उभी राहिले आणि आवक नंबर पडल्यावरच आत गेले. निवड झाली नाही. शिक्का असलेली झेरॉक्स वकिलांकडे आहे, पुढच्या आठवड्यात याचिका दाखल होतेय.