पात्रांना संकलनाच्या टेबलापर्यंत न्या

माहितीपट आणि अभिनय यांची सांगड घालायची असेल, तर फ्रेंच दिग्दर्शक ज्याँ रूश यांचा ‘म्वा, अं न्वार’ (१९५८) हा चित्रपट आधी बारकाईने पाहा. पोटापाण्यासाठी आयव्हरी कोस्टमधील आबिजान शहराच्या त्रेशव्हिल वस्तीत आलेल्या नायजरच्या तरुणांनी त्यात स्वतःचेच जगणे वठवले, हॉलिवूड अभिनेता एडवर्ड जी. रॉबिन्सनसारखी पडद्यावरची नावे हौसेने धारण केली आणि मूक चित्रण झाल्यावर त्यांच्यापैकीच उमारू गांदा यांनी आपलीच दृश्ये पाहत उत्स्फूर्त निवेदन केले. हेच गांदा पुढे स्वतः दिग्दर्शक झाले. तुम्हीही कच्चे संकलन संबंधितांना दाखवून त्यांचे बोलणे ध्वनिमुद्रित करा. मात्र काय वगळायचे हे ठरवतानाही त्यांना शेजारी बसवा. निव्वळ श्रेयनामावलीत आभार मानून भागत नाही, आणि मानधनाचा विषय तर चित्रणाआधीच बोलून घ्यावा.