अ‍ॅस्टेटिनच्या मागे लागायचं तर घड्याळ लावून

प्रश्न : शाळेचं शेवटचं वर्ष. अ‍ॅस्टेटिन हे निसर्गातलं सर्वांत दुर्मीळ मूलद्रव्य आहे असं वाचलं. त्यावरच संशोधन करायचंय. रसायनशास्त्र घेऊ की भौतिकशास्त्र?

उत्तर : रसायनशास्त्र घे. दुर्मीळपणाचं कौतुक मात्र थोडं बाजूला ठेव. खनिजातून हे कुणी काढत नाही. १९४० मध्ये बर्कलीत कॉर्सन, मॅकेन्झी आणि सेग्रे यांनी सायक्लोट्रॉनमध्ये (कणांना वेग देणाऱ्या यंत्रात) बिस्मथ या धातूवर अल्फा कणांचा (हेलियमच्या केंद्रकांचा) मारा करून ते बनवलं. आजही बनवायची मुख्य रीत हीच.

कर्करोगाच्या उपचारासाठी अ‍ॅस्टेटिन-२११ हे समस्थानिक हवं असतं. त्याचा अर्धायुकाल (निम्मं उरायला लागणारा वेळ) ७.२ तास, म्हणजे दिवसभरात दहावा हिस्सा उरतो. अल्फा कणांची ऊर्जा २८-२९ मेगा इलेक्ट्रॉन व्होल्टच्या आसपास आवरावी लागते. ती वाढली की अ‍ॅस्टेटिन-२१० तयार होतं आणि त्यातून १३८ दिवस अर्धायुकालाचं विषारी पोलोनियम-२१०. उत्पादन वाढवायला शलाका, म्हणजे कणांचा झोत, जोरात सोडावी, तर बिस्मथ २७१ अंश सेल्सिअसलाच वितळतं आणि अ‍ॅस्टेटिन उडून जातं. माऱ्याखालचं बिस्मथ थंड कसं ठेवायचं, हा प्रश्न तुला ओढत असेल तर भौतिकशास्त्र किंवा अभियांत्रिकी बघ.

खरी अडचण पुढे येते. अ‍ॅस्टेटिन प्रतिपिंडाला (कर्करोगाच्या पेशीला चिकटणाऱ्या प्रथिनाला) जोडायचं असतं, पण त्याचा कार्बनशी बंध त्याच्याच गटातल्या आयोडीनच्या बंधापेक्षा कमजोर. शरीरात तो तुटला की सुटं अ‍ॅस्टेटिन थायरॉइड आणि जठरात जाऊन बसतं. आयोडीनचं रसायन जसंच्या तसं इथे लावणारे हमखास फसतात. म्हणून सेंद्रिय रसायन पक्कं कर. सोबत क्रोमॅटोग्राफी (मिश्रणातले घटक वेगळे करण्याची रीत), गॅमा वर्णपटमापक (किरणांची ऊर्जा मोजणारं उपकरण) आणि मोजणीतल्या त्रुटींचं संख्याशास्त्र शिक. डोळ्याला दिसेल एवढं अ‍ॅस्टेटिन कधीच हाती येत नाही, आणि अल्फा कण तर कुपीच्या काचेतूनही बाहेर पडत नाहीत. मोजायचे ते त्याचा ऱ्हास होऊन पोलोनियम बनताना निघणारे पोलोनियमचे क्ष-किरण. हाताला सवय लागण्यासाठी आधी साध्या, किरणोत्सारी नसलेल्या आयोडीनवर अभिक्रिया करून बघ.

पीएचडीची प्रयोगशाळा निवडताना तीन गोष्टी विचार. सायक्लोट्रॉन अल्फा कण देतो का? रुग्णालयांतले बहुतेक फक्त प्रोटॉन देतात. माल पोहोचायला किती तास लागतात? शलाका महिन्यातून किती वेळा मिळते? उत्तरं गुळमुळीत आली, तर सुरुवात ल्युटेशियम-१७७ या कर्करोगाच्याच उपचारात वापरल्या जाणाऱ्या किरणोत्सारी समस्थानिकावर कर. त्याचा अर्धायुकाल साडेसहा दिवसांहून थोडा जास्त, त्यामुळे फसलेला प्रयोग त्याच आठवड्यात पुन्हा करता येतो.