कोस्ट गार्डमधला लेक आणि सांडलेला चहा

रत्नागिरीच्या ताई,

तुमचं पत्र दोनदा वाचलं. मुलगा कोस्ट गार्डमध्ये असिस्टंट कमांडंट, जहाजावरून थेट सुट्टीला घरी आला, पहिल्याच दिवशी आजीच्या लोणच्याची बरणी फोडली, दुसऱ्या दिवशी टीपॉयला अडखळून काकांच्या मांडीवरच जाऊन पडला, आणि मुलगी बघायला गेलात तिथे भरलेला कप मुलीच्या वडिलांच्या पांढऱ्याशुभ्र लेंग्यावर. आता काका येईल त्याला सांगतायत की हा काय समुद्रात लोकांना वाचवणार. मुलीकडच्यांनी परत बोलावलंय आणि तुम्ही विचारताय, चहा घेऊच नको म्हणून आधीच बजावून ठेवू का?

नका हो ताई, अजिबात नका. अहो जहाजावर टेबल-खुर्च्या डेकला पक्क्या केलेल्या असतात, ताटं घसरू नयेत म्हणून टेबलाला कड असते, समुद्र खवळला की चालताना एक हात कायम आधाराला. इतके दिवस पाय फाकून तोल सांभाळलेला पोरगा घरी येतो तेव्हा एक-दोन दिवस फरशीच हलतेय असं वाटतं त्याला, हे खरंच होतं, मेंदूला परत जमिनीची सवय व्हायला वेळ लागतो, आणि त्यात तुमचा टीपॉय रोज वेगळ्या जागी. (हे डोलणं महिनाभर टिकलं तर मात्र डॉक्टरला दाखवा.)

बरं, तुम्ही लिहिलंय की तो लहानपणापासूनच वेंधळा. असेल की! ब्रिटिश नौदलाच्या नेल्सनसारख्या अ‍ॅडमिरलला आयुष्यभर बोट लागायची, वारा सुटला की आजारी पडायचा, तरी १८०५ला ट्रफाल्गरची समुद्री लढाई त्याच्याच ताफ्याने जिंकली. तुमचा लेक परीक्षा, मुलाखत, मेडिकल आणि केरळातल्या एळिमलाच्या नौदल अकादमीचं ट्रेनिंग पार करून तिथे पोचलाय, ते काही कोणी खिरापतीसारखं वाटत नाही. काकांना म्हणावं एकदा मिरकरवाड्याच्या मासेमारी बंदरावर जा आणि तिथल्या खलाशांना विचारा, वादळात बोट अडकली की कोस्ट गार्डचा मदतीचा नंबर १५५४ लावल्यावर कोण येतं ते.

मला खरी काळजी वाटते ती त्या किश्श्यांची. पाहुणा आला की बरणीचा किस्सा, मग टीपॉयचा, सगळे हसतात, तोही हसतो, पण मग दहा डोळे त्याच्या हाताकडे लागलेले असतात आणि असे हात थरथरणारच ना? हे थांबवणं तुमच्या हातात आहे, भावोजींना बाजूला घेऊन स्पष्ट सांगा, आजच सांगा.

आणि तुम्ही पत्रात अगदी शेवटी, जाता जाता लिहिलंय ते मी सगळ्यात आधी लिहिलं असतं. तो कप त्याचा स्वतःचा होता, वडीलधाऱ्यांना आधी म्हणून पुढे करत होता, आणि मुलगी हसत हसत फडकं घेऊन धावत आली. ताई, त्यांनी परत बोलावलंय ते सगळं बघूनच ना? मग लपवायचं काय? जाऊ द्या त्याला, चहा घेऊ द्या, धांदरटपणाचं काय ते तोच सांगेल तिला.

आजींचा राग बरणीवरून आहे, तो कैऱ्या आल्या की जाईल. तेव्हा त्याला सुट्टी मिळाली तर लोणचं त्याच्याकडूनच घालून घ्या, नवी चिनीमातीची बरणी पण त्यालाच आणायला पाठवा, फक्त येताना रिक्षाने ये म्हणावं.

तुमची,
ताई