सगळ्यांनी धीर धरला तर व्याज संपेल का?

प्रश्न : माणसाला उद्यापेक्षा आजचं जास्त मोलाचं वाटतं म्हणून व्याज निर्माण होतं, असं ऑस्ट्रियन अर्थशास्त्रज्ञ बोम-बावर्क यांचं मत वाचलं. मग सगळेच धीराचे झाले तर व्याज शून्यावर येईल का?
– एक वाचक, सांगली

उत्तर : बोम-बावर्क यांच्या मते नाही. तुम्ही वाचलंत ते त्यांचं दुसरं कारण. 1889 च्या ग्रंथात त्यांनी तीन दिली आहेत. पहिलं, आज ओढाताण आहे आणि पुढे हात सैल होणार आहे अशा माणसाला आजचा पैसा मोठा वाटतो. दुसरं, अधीरपणा. वर्गात शिकवताना मी नेहमी तिसऱ्यावर जास्त वेळ घालवला, कारण तुमचं उत्तर तिथे आहे.

त्यांचंच उदाहरण घ्या. झरा घरापासून दूर आहे. तहान लागली की तिथे जाऊन ओंजळीने पाणी प्यायचं, ही जवळची वाट. लाकूड कोरून बादली केली तर दिवसाचं पाणी एका खेपेत येतं. आणि झाडं तोडून, खोडं पोखरून, एकापुढे एक मांडून पन्हळ बांधली तर पाणी दारात वाहत येतं. वाट जितकी लांब, आणि अर्थात शहाणपणाने निवडलेली, तितकं हाती जास्त लागतं. पण पन्हळ पुरी होईपर्यंत खायचं काय? तो शिधा आजच हवा. म्हणून माणसं कितीही धीराची असली तरी आजच्या शिध्याला वरचा भाव राहतो.

हे सर्वांना पटलं नाही. त्यांच्याच व्हिएन्नातल्या चर्चावर्गात बसलेल्या शुंपेटर यांनी म्हटलं, की वाढ नसलेल्या, त्याच चाकोरीत फिरणाऱ्या अर्थव्यवस्थेत व्याज उरणार नाही. गुरूंनी 1913 मध्ये त्याला सविस्तर विरोध केला. तिथेच बसणाऱ्या मिझेस यांनी पुढे उलटं टोक गाठलं : तिसरं कारण सोडलं आणि व्याज केवळ आजच्या ओढीवर उभं केलं.

मला स्वतःला मात्र पहिलं कारण सोडवत नाही. बोम-बावर्क म्हणतात, पाच वर्षांनी पुरं होणाऱ्या वाफेच्या इंजिनावर पहिल्या वर्षी राबलेल्या मजुराला मजुरी लगेच हवी असेल, तर पाच वर्षांनंतरच्या किमतीतला पूर्ण वाटा आज मागता येणार नाही. हिशेब बरोबर आहे. पण थांबणं त्याला परवडतं का? आमच्या घरी आडसाली उसाची लागण जुलैत व्हायची आणि तोड सोळा-अठरा महिन्यांनी. मधल्या काळात वडील गावातल्या एकाकडून उचल घ्यायचे, आणि बिल आलं की आधी त्याचं देणं भागवायचे. वडिलांइतका धीराचा माणूस मी पाहिलेला नाही. दर ठरत होता तो घरातल्या धान्याच्या कणगीवर, आणि हे त्या सावकारालाही माहीत होतं.