कोणाला सांगितलं होतं?

चि. मुलीस अनेक आशीर्वाद.

अणुचाचण्यांवरच्या लेखाची तुझी अकरा पानं पोचली. दिवाळी अंकवाले ऑगस्टअखेर मजकूर मागतायत, म्हणजे हातात सहा आठवडे आहेत. तेव्हा कौतुक मागाहून, आधी कात्री.

पहिलं पान काढून टाक. पहाटेचं वाळवंट, आकाशात पेटलेला गोळा आणि 'आता मी मृत्यू झालो, जगांचा संहारक' ही गीतेतली ओळ म्हणणारा, अणुबॉम्ब बनवणाऱ्यांचा म्होरक्या ओपेनहायमर. ती ओळ त्याने दूरदर्शनच्या कॅमेऱ्यासमोर सांगितली १९६५ साली, आणि तेव्हाही "मला ती आठवली" एवढंच म्हणाला. त्याचा धाकटा भाऊ फ्रँक त्या पहाटे तिथे होता. त्याच्या आठवणीप्रमाणे दोघे म्हणाले ते इतकंच, की जमलं. मी स्वतः वीसेक वर्षं वर्गात हा प्रसंग रंगवून सांगत होतो. एकदा मागच्या बाकावरून एका मुलाने विचारलं, "सर, ती ओळ ऐकली कोणी?" माझ्याकडे उत्तर नव्हतं. अकरावा अध्याय आपल्या घरचा, त्यामुळे हा मोह आपल्याला जरा जास्तच होतो. (शिवाय गीतेत शब्द आहे 'काल'. त्याचा 'मृत्यू' इंग्रजीत जाताना झाला.)

तू विचारलंयस, इतक्या चाचण्या, इतके आकडे, यातलं ठेवायचं काय? मी हा विषय शिकवताना प्रत्येक चाचणीला दोन प्रश्न विचारायचो. आधी अंदाज किती होता? आणि आधी कोणाला सांगितलं होतं? ज्या चाचणीत या दोन्हींची उत्तरं बोलकी आहेत ती ठेव, बाकीच्यांना एकेक ओळ पुरे.

ट्रिनिटीपासून, म्हणजे न्यू मेक्सिकोच्या वाळवंटातल्या पहिल्या अणुचाचणीपासून सुरू कर, पण १६ जुलै १९४५ पासून नको. ७ मे घे. त्या दिवशी त्याच वाळवंटात त्यांनी लाकडी मचाणावर १०८ टन टीएनटी (नेहमीचं स्फोटक) रचून उडवलं. कशासाठी? उपकरणांची मापं लावून घ्यायला. ठाऊक असलेला स्फोट आधी मोजायचा, मग ठाऊक नसलेला. तुझ्या अकरा पानांत मला हे कुठे सापडलं नाही, आणि प्रयोगशाळेत दिवस काढलेल्या माणसाला सगळ्यात आधी हेच भिडतं.

ठाऊक नव्हतं म्हणजे किती नव्हतं, ते त्यांच्या पैजेत दिसतं. माणशी एक डॉलर लावून शास्त्रज्ञांनी स्फोट किती टन टीएनटीइतका होईल तो आकडा सांगायचा होता. रॅम्झीने शून्य सांगितलं. प्रकल्पाचा शास्त्रीय प्रमुख ओपेनहायमर, त्याने ३०० टन. टेलरने ४५ हजार. राबी उशिरा पोचला, उरलेला १८ हजारांचा आकडा त्याच्या पदरी पडला आणि पैज तोच जिंकला. फर्मी सोळा किलोमीटरवरच्या तळावर होता. धक्क्याची लाट आली तेव्हा त्याने सहा फुटांवरून कागदाचे कपटे सोडले, ते अडीच मीटर सरकले, त्यावरून म्हणाला दहा हजार टन. आज मानला जाणारा आकडा वीस हजारांच्या वर आहे. कागदाच्या कपट्यांच्या मानाने फर्मी फार चुकला नाही! हा प्रसंग सगळेच लिहितात, तरी ठेव. फक्त त्याला लगेच दुसरा प्रश्न जोड.

आसपासच्या वस्त्यांना कोणीच सांगितलं नव्हतं. नंतर बातमी सोडली ती दारूगोळ्याचं कोठार उडाल्याची. चाचण्यांच्या किरणोत्साराची झळ बसलेल्यांसाठी अमेरिकेने १९९० मध्ये भरपाईचा कायदा केला, त्यात ट्रिनिटीच्या वाऱ्याखालची, म्हणजे तिथून वारा जिकडे गेला तिकडची, न्यू मेक्सिकोतली माणसं नव्हती. ती आली २०२५ मध्ये. वर्षांची वजाबाकी वाचक करेल, तू करू नकोस.

आता ज्याला तू तळटीपेत ढकललंयस, ते वर आण. कोडॅकची फिल्म. १९४५ च्या शरदात एक्स-रे फिल्मवर बारीक काळे ठिपके येऊ लागल्याच्या तक्रारी आल्या. फिल्म ज्यात बांधायचे त्या रद्दीच्या पुठ्ठ्यातून किरणोत्सारी रेडियम येतं, हा अनुभव कंपनीला युद्धकाळात येऊन गेला होता, कारण अंधारात चमकाव्यात म्हणून उपकरणांच्या तबकड्यांना रेडियम लावणाऱ्या कारखान्यांचा टाकाऊ कागद त्या रद्दीत मिसळायचा. म्हणून पहिला संशय त्याच्यावरच. कंपनीतला भौतिकशास्त्रज्ञ ज्युलियन वेब मागावर निघाला. रेडियम नव्हतंच. पुठ्ठा इंडियानातल्या व्हिन्सेन्सच्या गिरणीत गवताच्या काडापासून बनलेला, आणि त्यातला किरणोत्सार ज्या वेगाने ओसरत होता तो जुळला सेरियम-१४१ शी. हे विखंडनातून, म्हणजे अणू फुटण्यातून, निघणारं मूलद्रव्य. त्याचं अर्धायुष्य (निम्मं उरायला लागणारा काळ) सुमारे साडेबत्तीस दिवस, म्हणजे ते नुकतंच कुठेतरी जन्मलेलं असणार. न्यू मेक्सिकोत उठलेला ढग दीड हजार किलोमीटरहून लांब गेला, पावसाबरोबर वाबाश नदीत उतरला, आणि गिरणीने पुठ्ठ्यासाठी पाणी त्याच नदीचं घेतलं होतं. तो पुठ्ठा बनला ६ ऑगस्टला. होय, तीच, हिरोशिमाची तारीख. योगायोग आहे, त्यावर कविता करू नकोस. त्यापेक्षा गणित कर: १६ जुलै ते ६ ऑगस्ट एकवीस दिवस, तेवढ्यात मूळच्या सेरियमपैकी किती टक्के उरलं? माझं उत्तर ६४ येतं, तू ताडून बघ.

वेबने हे १९४९ मध्ये शोधनिबंधात मांडलं. जानेवारी १९५१ मध्ये नेवाडात चाचण्या सुरू झाल्या आणि कोडॅकच्या गावी, रोचेस्टरला, पडलेला बर्फ किरणोत्सारी निघाला. कंपनीने तक्रार केली. तेव्हापासून अमेरिकेच्या अणुऊर्जा आयोगाने फिल्म बनवणाऱ्यांना चाचण्यांची आगाऊ सूचना द्यायला सुरुवात केली. फिल्मवाल्यांना, बरं का. ज्यांच्या गाई त्या वाऱ्याखाली चरत होत्या आणि ज्यांची पोरं ते दूध पीत होती, त्यांना नाही. तुझ्या लेखाचा कणा मला इथे दिसतो.

रशियाच्या २९ ऑगस्ट १९४९ च्या पहिल्या अणुस्फोटावर तू दोन पानं घातलीयस आणि ती हेरगिरीतच संपलीत. रशियाला गुपितं पुरवणारा क्लाउस फुक्स अर्ध्या पानात बसव. हवेतले किरणोत्सारी कण टिपणाऱ्या अमेरिकी विमानाने तो स्फोट पकडून दिला, हे मात्र राहू दे. पुठ्ठ्यात जे नकळत घडलं, तेच इथे हेतूने केलं होतं.

मग थेट १ मार्च १९५४ वर ये. पॅसिफिकमधलं बिकिनी, कॅसल ब्राव्हो नावाची हायड्रोजन बॉम्बची चाचणी. अंदाज सहा मेगाटन (एक मेगाटन म्हणजे दहा लाख टन टीएनटी), प्रत्यक्षात पंधरा. ही चूक वाचकाला नीट उलगडून सांग, कारण ती बेरजेतली चूक नव्हती. इंधनातल्या लिथियमचे दोन समस्थानिक (एकाच मूलद्रव्याचे कमी-जास्त वजनाचे प्रकार) होते, सुमारे चाळीस टक्के लिथियम-६ आणि उरलेलं लिथियम-७. सहावाला ट्रिटियम (जड हायड्रोजन) देतो आणि ते संमीलनात, म्हणजे अणू एकमेकांत जुळण्यात, जळतं, हे माहीत होतं. सातवाला नुसता पडून राहील असं धरलं होतं. पण न्यूट्रॉन पुरेसा वेगवान असला की सातवाही फुटतो. तोही ट्रिटियम देतो, वर एक न्यूट्रॉन मोकळा सोडतो. अर्ध्याहून जास्त इंधन 'कामाचं नाही' म्हणून हिशोबातच धरलं नव्हतं.

आणि कोणाला सांगितलं होतं? बिकिनीवरच्या १९४६ च्या चाचण्यांच्या वेळी जवळच्या रोंगेलाप बेटाच्या लोकांना तात्पुरतं हलवलं होतं. १९५४ मध्ये, कितीतरी मोठ्या स्फोटाला, हलवलं नाही. वरचे वारे आदल्या रात्रीच अनुकूल राहिले नव्हते, तशी नोंद आहे, तरी चाचणी झाली. काही तासांनी बेटावर प्रवाळाची पांढरी राख पडू लागली आणि मुलं तिच्यात खेळली. त्यांना तिथून काढलं दोन दिवसांनी. 'भाग्यवान ड्रॅगन' नावाच्या जपानी मासेमारी बोटीवर तेवीस जण होते, त्यांतला रेडिओवाला कुबोयामा २३ सप्टेंबरला गेला. हे तू चांगलं लिहिलंयस, फक्त 'हृदयद्रावक' हा शब्द तीनदा आलाय. तिन्ही काढ.

भारताचं काय, असं संपादक विचारणारच. पोखरणला उडी मारू नकोस, तो वेगळा लेख आहे. ब्राव्होनंतर महिन्याभराने, २ एप्रिल १९५४ ला, नेहरूंनी लोकसभेत चाचण्या थांबवण्याचा करार मागितला. संरक्षण खात्याचे शास्त्रीय सल्लागार दौलतसिंह कोठारी यांनी १९५६ मध्ये अणुस्फोटांच्या परिणामांवर अहवाल काढला, तोही छापून, सगळ्यांना वाचता येईल असा. एखाद्या जुन्या कॉलेजच्या ग्रंथालयात विचार. रद्दीत गेला नसेल तर मिळेल, धूळ झटकून घे.

पुढचा खर्डा मोबाइलवर पाठवू नकोस, माझे डोळे आता त्या पडद्याशी भांडतात. प्रिंट काढ, समास मोठा सोड आणि पोस्टाने टाक. फिल्मचा भाग सगळ्यात आधी लिही. आणि ते ६४ टक्के जुळतात का, एवढं फोनवर कळव.

तुझा,
सर